वाहाकाच्या बाजारात, तिथल्याच ताईंसोबत: खाद्यफेरीचा अनुभव

ओंजळ

जूनच्या अखेरीस आम्ही पाच दिवस मेक्सिकोतल्या वाहाका शहरात होतो. मी, नवरा, अकरा वर्षांचा लेक आणि बार्शीहून आमच्याकडे टेक्सासला राहायला आलेली माझी आई. आई पूर्ण शाकाहारी, अंडंही नाही. आयुष्यभर रोज ज्वारीची भाकरी थापलेली. तिला घेऊन मेक्सिकोत, तेही खाण्यासाठी जायचं म्हटल्यावर घरातल्या सगळ्यांनी मला वेड्यात काढलं होतं. इथे बऱ्याच जणांच्या घरी अशी एक आई किंवा सासूबाई असतील, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

पहिल्या दिवशी आमचे आम्हीच बाजारात शिरलो आणि अर्ध्या तासात बाहेर आलो. डोंगर रचल्यासारखे मसाल्याच्या गोळ्यांचे ढीग, परातीत लाल तिखट लावलेले नाकतोडे, डोक्याएवढे चीजचे गुंडे, आणि प्रत्येक गाळ्यावरून कोणीतरी हाक मारतंय. काय विचारायचं तेच कळेना. शेवटी एका उपाहारगृहात भात आणि आव्होकाडो खाऊन आलो. इतकं मोठं ताट समोर मांडलेलं असताना उपाशी राहिल्यासारखं वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आठची खाद्यफेरी ठरवलेली होती. फेरी घेणाऱ्या ताई पन्नाशीच्या, त्लाकोलुलाच्या बाजूच्या. घरची भाषा झापोतेक, आमच्याशी स्पॅनिश आणि थोडं इंग्रजी. आम्ही चौघं आणि एक वयस्क जोडपं, एवढेच. त्यांनी आम्हाला आधी कुठे नेलं असेल? गिरणीत!

अगदी आपल्या गल्लीतल्या गिरणीसारखी. बायका बादल्या घेऊन रांगेत उभ्या. फक्त बादलीत कोरडं धान्य नाही, रात्रभर चुन्याच्या पाण्यात भिजलेला ओला मका. वास यायचा तो नुकत्या चुना मारलेल्या भिंतीचा. ताईंनी प्रत्येकाच्या तळहातावर एकेक दाणा ठेवला आणि चोळायला सांगितलं. वरची साल अंगठ्याखाली अलगद सुटून आली. हा झाला निश्तामाल. दगडी जात्यातून निघालेल्या मऊ पिठाला तिथे ‘मासा’ म्हणतात. हा शब्द ऐकून आई एकदम दोन पावलं मागे सरकली, तिला समजावून सांगावं लागलं.

मग कोपऱ्यावरच्या एका मावशींची चूल. मातीचा मोठा तवा, त्याला कोमाल म्हणतात, आणि तो पांढराफटक. टॉर्टिया (मक्याची पातळ भाकरी) चिकटू नये म्हणून त्याला चुन्याची निवळी फासतात. मावशी मेमेला करत होत्या: जाडसर टॉर्टिया, कडा चिमटून वर काढलेल्या, मध्ये घेवड्याची दाट उसळ घोटून पसरलेली, वर चीज. आई त्यांच्या हाताकडे टक लावून बघत होती. मावशींच्या ते लक्षात आलं. त्यांनी लिंबाएवढा गोळा तोडून आईच्या हातात दिला.

आईने सवयीने दोन्ही तळव्यांत फिरवत थापायला घेतला. पहिली कड चिरली. मावशींनी हात पुढे करून आईचा अंगठा थोडा आत सरकवला, आणि पुन्हा थाप म्हणून खूण केली. दुसरी वेळ नीट गोल आली. कोमालवर टाकली, एकदा उलटली, दुसऱ्यांदा उलटली आणि ती टम्म फुगली. “फुगली गं!” असं आई म्हणाली, मावशीही त्यांच्या भाषेत काहीतरी म्हणाल्या, आणि दोघी एकमेकींचा हात धरून हसत राहिल्या. मला हे लिहितानाही भरून येतंय.

त्यानंतर आईची भीती गेली ती गेलीच. पुढचे तीन तास ती ताईंच्या शेजारून चालत होती आणि आम्ही मागे.

बेनितो हुआरेस बाजारात आम्ही तेहाते प्यायलो. मोठ्या मातीच्या परातीत एक बाई कोपरापर्यंत हात बुडवून पीठ मळत होत्या. मका, आंबवलेला कोको, मामेय फळाच्या बियांचा गर आणि एका झाडाची सुकी फुलं. त्यांना कोकोची फुलं म्हणतात, पण ती वेगळ्याच झाडाची. ह्या पेयासाठी मका चुन्यात शिजवत नाहीत, राखेच्या पाण्यात शिजवतात. मळून झालं की उंचावरून पाण्याची धार सोडत राहायचं, मग वर ताकावर लोणी यावं तसा पांढरा फेस जमतो. रंगवलेल्या तुंबड्यात ओतून वर तो फेस ठेवून देतात. दुधाचा थेंब नाही. चव सांगायची तर मातकट, थंड, किंचित कडसर. लेकाने दोनदा मागून घेतलं.

शेजारच्या २० नोव्हेंबर बाजारात धुराची गल्ली आहे. दोन्ही बाजूंना कोळशाच्या शेगड्या, वर टांगलेलं मांस. गाईचं पातळ कापलेलं तासाहो, तिखट लावलेलं डुकराचं सेसीना, चोरिसो म्हणजे मसालेदार सॉसेज. आपण वजनावर निवडायचं, ते समोर भाजून देतात, टॉर्टिया आणि चटण्या वेगळ्या घ्यायच्या. आईला हे दृश्य सोसलं नसतं हे ताईंनी आधीच ओळखलं होतं. तिला त्यांनी बाजाराच्या दुसऱ्या टोकाला चॉकलेटच्या गाळ्यावर बसवलं, तिथल्या मुलीला दोन शब्द सांगितले आणि मगच आम्हाला घेऊन आत गेल्या. परत आलो तर आई रवीसारख्या लाकडी मोलिनियोने दोन्ही तळव्यांत घुसळून चॉकलेटला फेस काढत होती. पाण्यातलं चॉकलेट, दालचिनी घातलेलं. तिच्या मते ताक घुसळणाऱ्या कुठल्याही बाईला हे जमेल.

तुमच्यापैकी कोणी गेलं आहे का तिकडे? आणि फेरी घेणं की स्वतः हिंडणं, तुमचा अनुभव काय?

सांजवेळ

किती सुंदर लिहिलं आहेस! आई आणि मावशींचा प्रसंग दोनदा वाचला. प्रचि (फोटो) असतील तर टाक ना.

भटकभवानी

लेख आवडला, पण थोडा वेगळा सूर लावते. मी तीन वर्षांपूर्वी पैसे भरून अशीच एक फेरी घेतली होती, वाहाकातच. नाव लिहीत नाही. आम्हाला एकापाठोपाठ एक पाच उपाहारगृहांत नेलं, प्रत्येक ठिकाणी एक घास आणि एक घोट मेस्काल (तिथली दारू). बाजार दिसला तो दारातून. मार्गदर्शक मुलगा गोड होता, पण तो त्या गावचाही नव्हता आणि स्वयंपाकाबद्दल त्याला आमच्याइतकंच ठाऊक होतं. दुसऱ्या दिवशी मी एकटी सेंत्राल दे आबास्तोस ह्या शहरातल्या मोठ्या बाजारात गेले, मोडक्या स्पॅनिशमध्ये विचारत फिरले आणि दसपट जास्त शिकले. त्यामुळे माझं मत: थोडी भाषा शिका आणि स्वतः जा.

ओंजळ

@भटकभवानी, तुझा राग पटतो. म्हणूनच फेरी निवडताना मी दोनच प्रश्न विचारले होते. सुरुवात कुठून करता? आणि मार्गदर्शक स्वतः घरी काय रांधतात? पहिल्याचं उत्तर “गिरणीतून” आलं आणि दुसऱ्याला चांगलं पानभर उत्तर आलं, तेव्हाच पैसे भरले. जिथे उपाहारगृहांची नुसती यादी मिळाली ते सोडून दिलं.

पण “स्वतः जा” हे मात्र सगळ्यांसाठी नाही पटत. मी एकटी गेले असते तर आईला त्या चुलीजवळ कोणी गोळा दिला नसता. ताई त्या मावशींकडे वर्षानुवर्षं जातात, त्यांच्या लेकीच्या लग्नाला गेल्या होत्या. आम्ही त्यांच्या ओळखीने आत गेलो. ओळख ही गोष्ट पाच दिवसांत मिळत नाही, ती कोणीतरी उसनी द्यावी लागते. त्याचे पैसे द्यायला मला आनंदच वाटला.

प्रयोगवही

चुन्याच्या पाण्याबद्दल थोडं. हा नुसता चवीचा भाग नाही. मक्यात नायसिन हे जीवनसत्त्व असतं, पण बांधलेल्या रूपात, शरीराला ते फारसं मिळत नाही. चुना किंवा राख घालून शिजवलं की ते सुटं होतं. शिवाय कॅल्शियम वाढतं, आणि पिठाला चिकटपणा येतो म्हणून टॉर्टिया थापता येते. साध्या मक्याच्या पिठाची भाकरी ज्यांनी केली आहे त्यांना ते पीठ किती भुगभुगीत असतं ते माहीत आहे.

युरोपने अमेरिका खंडातून मका नेला, चुना मागेच राहिला. पुढे उत्तर इटली आणि स्पेनमधल्या गरीब, केवळ मक्यावर जगणाऱ्या लोकांत पेलाग्रा पसरला: कातडी सोलवटणं, हगवण, शेवटी भ्रम. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला अमेरिकेच्या दक्षिणेत हीच गत झाली. तिथे डॉक्टर जोसेफ गोल्डबर्गर यांनी हा संसर्ग नसून आहारातल्या कमतरतेचा रोग आहे हे दाखवून दिलं. वाहाकाच्या बायका हजारो वर्षं रोज संध्याकाळी चुन्यात मका भिजवत होत्या, त्यांच्याकडे हा प्रश्नच नव्हता.

आपल्याशी ह्याचा एक धागा जोडलेला आहे. दख्खनमध्ये ज्वारीवर जगणाऱ्यांतही पेलाग्रा आढळत असे. हैदराबादच्या आजच्या राष्ट्रीय पोषण संस्थेत डॉ. सी. गोपालन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० च्या सुमारास त्याचा अभ्यास केला आणि ज्वारीतल्या ल्युसिन ह्या घटकाकडे बोट दाखवलं. तुमच्या आईंनी तिथे थापलेली टॉर्टिया आणि बार्शीची भाकरी, दोन्हींच्या धान्यांशी हा एकच रोग जोडलेला होता.

ओंजळ

प्रयोगवहीकाका, आईला वाचून दाखवलं. ती म्हणाली, “म्हणून भाकरीबरोबर डाळ, भाजी, ताक लागतंच.” तिथे घेवडा लागतो. ताईंनीही हेच सांगितलं होतं: मका, घेवडा आणि भोपळा एकाच शेतात, घेवड्याचा वेल मक्याच्या ताटावर चढतो, भोपळ्याची पानं खाली जमीन झाकतात. त्या शेताला मिल्पा म्हणतात. मित्लाजवळच्या गिला नाकित्स गुहेत भोपळ्याच्या सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीच्या बिया सापडल्या आहेत. वाहाकाहून गाडीने तासाभराच्या अंतरावर. लेकाला हे इतकं भावलं की त्याने परसात तीन ताटं मका लावला आहे.

मिरचीकांडप

मोलेबद्दल काहीच लिहिलं नाहीत! वाहाकाला गेलात आणि मोले नाही?

ओंजळ

लिहायचं राखून ठेवलं होतं, कारण त्याच्यावर थोडक्यात लिहिता येत नाही. वाहाकाचे सात मोले सांगतात: काळा, तांबडा, कोलोरादितो, पिवळा, हिरवा, चिचिलो आणि मांचामांतेलेस. शेवटच्या नावाचा अर्थ ‘टेबलावरच्या कापडाला डाग पाडणारा’. मोले हा शब्द नावातल ह्या तिथल्या जुन्या भाषेतल्या ‘मोल्ली’वरून, म्हणजे वाटून केलेला दाट रस.

आमच्या ताईंनी काळ्या मोलेचं साहित्य गाळ्यावर एकेक करून दाखवलं. चिलवाक्ले ही काळपट, ढोबळी मिरचीच्या आकाराची वाळलेली मिरची. ती मुख्यतः कुईकातलानच्या खोऱ्यात पिकते आणि महाग असते. मग तीळ, शेंगदाणे, बदाम, मनुका, लवंग, दालचिनी, पिकलेलं राजेळी केळ्यासारखं केळं, टोमॅटो, शेवटी थोडं चॉकलेट. आणि ज्याने मी थक्क झाले ती गोष्ट: मिरच्यांच्या बिया आणि एक टॉर्टिया काळीठिक्कर होईपर्यंत जाळतात, पाण्यात भिजवून कडूपणा काढतात आणि वाटणात घालतात. रंग आणि खोली त्यातून येते.

मिरचीकांडप

हेच ऐकायचं होतं. माझ्या आजोळी, कोल्हापूरजवळ, उन्हाळ्यात मसाला कुटायचा म्हणजे गल्लीभर खकाणा. कांदा, खोबरं, तीळ पार काळपट होईपर्यंत भाजायचे. “जळलं नाही, भाजलंय” हे आजीचं वाक्य. मिरची आपल्याकडे पोर्तुगिजांबरोबर सोळाव्या शतकात आली, त्याआधी आपल्या जेवणाचा तिखटपणा मिऱ्यांचा आणि सुंठीचा. मिरचीच्या माहेरी तिला कसं वागवतात हे बघायला मला जायचंच आहे. तिथे एकच तिखट नसतं ना?

ओंजळ

मुळीच नाही. प्रत्येक मिरचीचं काम वेगळं. धुरावर वाळवलेली पासिया मिक्से डोंगराकडून येते, तिला फोडणीतल्या हिंगासारखं मान आहे: थोडी घातली तरी पदार्थ ओळखू येतो. ओली चिले दे आग्वा कोळशावर भाजून लिंबू-मिठात ठेवतात. तिखटपणाआधी तिथे वासाबद्दल बोलतात.

बाकी माहेरवाशिणी मोजायला बसलं तर दिवस जाईल. चिकू तिथला, त्याचं नावही तिथलंच. पेरू, सीताफळ ह्यांचं कूळही तिकडचंच. झेंडू! दसऱ्याला ज्याच्याशिवाय आपलं तोरण होत नाही, तो तिथे नोव्हेंबरच्या सुरुवातीला पितरांच्या वाटेवर पसरतात. आणि राजगिऱ्याच्या वड्या. आई गाळ्यासमोर थांबली, म्हणाली, “अगं, ही तर आपली एकादशीची वडी.” तिथे तिला आलेग्रिया म्हणतात, म्हणजे आनंद. चव तीच, फक्त गुळाचा वास वेगळा.

हिरवादेठ

शाकाहारींसाठी नेमकं काय मागायचं ते लिहाल का? आम्ही चौघं नोव्हेंबरात जातोय. मागे मेक्सिकोत एका ठिकाणी तीनदा विचारून घेवडा खाल्ला आणि नंतर कळलं की तो डुकराच्या चरबीत परतलेला होता. बायको दोन दिवस जेवली नाही.

ओंजळ

वाईट वाटलं वाचून. ह्याचं मूळ हे की तिथे ‘मांस नको’ म्हटलं की मांसाचे तुकडे काढतात. चरबी आणि कोंबडीचं पाणी हे त्यांच्या लेखी मांस नाहीच, आपल्याकडे तूप जसं कोणी वेगळं मोजत नाही तसं. त्यामुळे प्रत्येक गोष्ट नाव घेऊन नको म्हणायची: सिन मांतेका, म्हणजे चरबी नको. सिन काल्दो दे पोयो, म्हणजे कोंबडीचं पाणी नको. आणि वाहाकात सगळ्यात महत्त्वाचं, सिन आसियेंतो. आसियेंतो म्हणजे चरबी कढवल्यावर तळाशी राहणारा गाळ, तो मेमेला आणि त्लायुदाला (मोठी कडक टॉर्टिया) तुपासारखा फासतात. मावशींनी आईच्या मेमेलाला तो लावला नाही, कारण ताईंनी आधीच सांगून ठेवलं होतं. घेवडाही त्यांचा नुसता आव्होकाडोच्या पानांवर शिजवलेला होता.

आईने पाच दिवसांत खाल्लेलं: भोपळ्याच्या फुलांची आणि केसियोची केसादिया (म्हणजे सारण भरून दुमडलेली टॉर्टिया; केसियो म्हणजे तो लोकरीच्या गुंड्यासारखा चीजचा गोळा, धागे ओढून सोलायचा). निळ्या मक्याची त्रिकोणी तेतेला, आत घेवडा. फड्या निवडुंगाच्या पानांची भाजी, तिला आमच्याकडच्या भेंडीसारखी बुळबुळीत म्हणून आवडली. आसियेंतो न लावलेली त्लायुदा, परातीएवढी, कडक, रात्री कोळशावर शेकलेली. लाल अंबाडीच्या बोंडांचं गार सरबत तर रोज. मोले मात्र तिने चाखला नाही, कारण तो बहुतेक ठिकाणी कोंबडीच्या पाण्यात सैल करतात. गाळ्यावरून नुसता गोळा विकत घेताना घटक विचारून घेतला आणि घरी येऊन भाज्यांच्या पाण्यात केला.

चीज जमवायला काय वापरतात हा प्रश्न ज्यांना महत्त्वाचा आहे त्यांनी चीज टाळलेलंच बरं.

सांजवेळ

व्हिसाचं काय केलंत आईंच्या?

ओंजळ

तिच्या पासपोर्टवर अमेरिकेचा चालू व्हिसा आहे, तो असला की मेक्सिकोचा वेगळा लागत नाही. तरी निघण्यापूर्वी नियम एकदा बघून घ्याच.

भटकभवानी

माझं मत थोडं बदलते. ओळख उसनी मिळते हे वाक्य डोक्यात राहिलं. माझ्या वेळी मी एकटीने खूप पाहिलं, पण कोणाच्या चुलीजवळ बसले नाही. नाकतोड्यांच्या गाळ्यावरही बाईंनी हातावर दोन ठेवले, मी खाल्ले आणि निघाले. ते पावसाळ्यात शेतातून पहाटे गोळा करतात, लसूण, लिंबू आणि मीठ लावून भाजतात, हे मला नंतर कुठेतरी वाचून कळलं. समोर उभी असताना विचारता आलं नाही.

एक भर घालते. आसपासच्या गावांत आठवडी बाजार भरतात. बुधवारी एत्ला, गुरुवारी साचिला, शुक्रवारी ओकोत्लान, रविवारी त्लाकोलुला. शहरातली फेरी करून झाल्यावर रविवार हाताशी असेल तर त्लाकोलुला सोडू नका.

ओंजळ

आम्ही गेलो रविवारी, ताईंनीच सुचवलं. तिथे एक गोष्ट शिकले: गाळेवाली गिऱ्हाइकाला ‘मार्चांता’ म्हणते आणि गिऱ्हाईकही गाळेवालीला मार्चांता म्हणतं. दोघींना एकच शब्द. आणि जेवणाऱ्यांच्या बाकाजवळून जाताना अनोळखी माणूसही ‘प्रोवेचो’ म्हणून जातो, सावकाश होऊ द्या म्हटल्यासारखं. लेक अजून घरात म्हणतो.

प्रयोगवही

आईंनी घरी करून पाहिलं का?

ओंजळ

गेल्या रविवारी! एक किलो वाळलेला पांढरा मका, दहा ग्रॅम खायचा चुना, भरपूर पाणी. दाण्याची साल सुटेपर्यंत मंद आचेवर शिजवलं, झाकून रात्रभर ठेवलं, सकाळी चोळून चोळून धुतलं. मिक्सरमध्ये वाटताना पाणी जास्त झालं, पहिला घाणा सैल. दुसरा ओल्या ग्राइंडरवर जवळपास कोरडा वाटला, तो जमला. आई अंगठा आत घेऊनच थापत होती, मावशींनी शिकवला तसा. सात झाल्या, चार फुगल्या. फुगलेल्या आधी नातवाला.

हिरवादेठ

ओंजळताई, फार उपकार. त्या फेरीवाल्या ताईंशी संपर्क कसा करायचा? नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात गर्दी असते ना?

ओंजळ

हो, पितरांच्या दिवसांमुळे शहर भरलेलं असतं, आत्ताच ठरवा. त्यांचा नंबर इथे उघड देत नाही, विपू (खासगी निरोप) केली आहे. त्यांना सांगा, बार्शीच्या आजींनी पाठवलं.